दुकानदाराचा रडका सीन

"हसू येईल असं काही करू नका," प्रोड्यूसर जोश म्हणाला. "सीनमध्ये तुमची बायको गेलीये."

हे ऐकायला मुरलीधरनं उभा जन्म घालवला होता. लंडनच्या टीव्हीवर तो वर्षानुवर्षं एकच माणूस होता: मुंडी डोलावणारा, इंग्रजीची पार वाट लावणारा दुकानदार. रस्त्यात गोरे त्याला बघून मुंडी डोलवायचे. शाळेत पोरांनी त्यावरून ईशानीला इतकं पिडलं, की पोरीनं बापाला टीव्हीवर बघणंच सोडलं. आता ती विनोदी मालिका बंद होत होती आणि लेखकांना जाता जाता दया आली होती. एक रडका सीन त्यांनी दुकानदाराच्या पदरात टाकला.

पहिल्या रेकॉर्डिंगपासून प्रेक्षकांत हजर असणारी रेखा, त्याची खरी बायको, जाऊन वर्षही झालं नव्हतं. त्याला अभिनय करावाच लागला नाही. सेटवरच्या रिकाम्या दुकानात उभा राहून तो तिच्याशी बोलत राहिला. स्टुडिओत कुणी हूं की चूं केलं नाही. पुढच्या रांगेतली एक म्हातारी डोळे पुसत होती.

त्यानं नॉटिंगहॅमला ईशानीला फोन केला. "एवढा एकच एपिसोड बघ. तुझा बाप नुसता विदूषक नव्हता, एवढं तरी कळेल."

"येते बाबा. माझी ट्रेन लवकर पोचेल."

ती बेसिंगस्टोकला त्याच्या घरी आली. त्यानं पिठलं-भात केला. दोघं टीव्हीसमोर बसले.

"आता चहा एकाच कपाचा करायचा," पडद्यावरचा मुरलीधर म्हणाला, आणि टीव्हीतून हास्याचा गडगडाट झाला. पुढच्या वाक्याला तसाच. त्याच्या पुढच्यालाही. लेकीसमोर त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यानं तिथूनच जोशला फोन लावला, स्पीकरवर.

"सॉरी, मुरली. चॅनल घाबरलं. कॉमेडीत इतकी शांतता म्हणजे लोकांना टीव्ही बिघडल्यासारखं वाटेल, म्हणाले. पहिल्या सीझनच्या टेपवरचं प्रेक्षकांचं हसणं भरलं."

मुरलीधरनं फोन ठेवला. "बघितलंस? मेलो तरी हसतील हे." तो टीव्ही बंद करायला उठला.

ईशानीनं त्याचा हात घट्ट धरला.

"बंद नका करू ना, बाबा. ऐका. सगळ्यांत मोठ्यानं कोण हसतंय... आई आहे ती."