धनेशचं स्वप्न

कंपनीतल्या भट्टीपाशी भाजलेला धनेश आठ महिन्यांपासून रोह्याच्या दवाखान्यात बेशुद्ध होता. श्वासाचं यंत्र ठेवायचं की काढायचं, हे त्याच्या बायकोने, प्रतिक्षाने ठरवायचं होतं. "झोपेतली स्वप्नं श्वासातल्या कणांतून वाहतात. हे त्यांचे कण. हुंगलेत, की त्यांचं स्वप्न तुम्हाला दिसेल," म्हणत डॉक्टरांनी कुपी पुढे केली. तिने डोळे मिटून कुपी हुंगली. धनेश भट्टीपुढेच होता. अंगावरचे कपडे पेटले होते, पाण्यासाठी तिलाच हाका मारत होता. जाळ विझायचा आणि पुन्हा पेटायचा. "काय करतो गो माजा लेक?" शेजारी बसलेल्या सासूने विचारलं. "आपल्या मिठागरात हायत. हसतायत," प्रतिक्षा म्हणाली. म्हातारीचा चेहरा उजळला. प्रतिक्षाने कागदावर सही केली. "यंत्र काढा." सासू झटक्यात उठली. "हसतोय ना तो? मग मारतेस कशाला गो त्याला?" प्रतिक्षाने ओढणी तोंडात कोंबली.