पेशींचं वय

न्यायालयातल्या यंत्राने दुर्गीच्या रक्ताचा थेंब तपासला आणि पडद्यावर तिचं वय उमटलं. एकोणीस.

“पंधराची हाय ती, साहेब!” तिची आई यल्लव्वा ओरडली. “म्या जल्म दिलाय तिला!”

न्यायाधीशांनी नकारार्थी मान हलवली. जन्माचे खोटे दाखले फार वाढल्यापासून कायदा फक्त पेशींचं वय मानत होता. आईला मारणाऱ्या मुकादमाच्या डोक्यात दगड घातला म्हणून दुर्गीला आता मोठ्यांच्या तुरुंगात जावं लागणार होतं.

वकील शेंडगेबाई पुन्हा उभ्या राहिल्या. “साहेब, ही लहानपणापासून खाणीत खडी फोडतेय. धुळीने आणि उपासमारीने तिच्या पेशी झिजल्यात. सकाळी इथंच एका बिल्डरच्या वीस वर्षांच्या मुलाला यंत्राने सतराचा ठरवलं, आणि तो बालसुधारगृहात गेला!”

“पेशी का झिजल्या, हे कायदा विचारत नाही, बाई.”

शेंडगेबाईंनी फाइल टेबलावर आपटली. न्यायाधीशांनी पुढचा खटला पुकारायला सांगितलं.

महिला पोलीस दुर्गीला घेऊन निघाली. दाराशी दुर्गी आईला बिलगली आणि हळूच म्हणाली, “आये, तिथं रातीला दिवा चालू ठिवत्यात का गं?”