काहीही बोल

टेसीनं डोळे घट्ट मिटून घेतले. म्हणजे बोलणंच खुंटलं. तापात कान गेल्यापासून ही सात वर्षांची पोर समोरच्याच्या ओठांवरून बोलणं ओळखायची, आणि रुसली की डोळे मिटायची. सोमवारी तिला नदीपलीकडच्या बहिऱ्या मुलांच्या शाळेत, तिथंच राहायला, ठेवायचं होतं. हे कळल्यापासून तिनं आईकडे, विनिफ्रेडकडे, धड बघितलंच नव्हतं.

"सिनेमाला आण तिला, डन्फीबाई. आई पडद्यावर दिसली की बघेल झक मारत!" शेजारच्या क्राउसबाई म्हणाल्या, आणि विनिफ्रेडनं काम केलेला मूकपट बघायला दोघींना ओढतच फोर्ट लीच्या थिएटरात घेऊन आल्या.

टेसीनं बघितलं खरं. मोलकरीण झालेली आई पिठाच्या पिंपात पडली, मालकाच्या टोपीत अंडी फुटली, तेव्हा तर ती खिदळली. विनिफ्रेडला हायसं वाटलं. मग पुढचं दृश्य आठवलं. हसवता हसवता रडवायचं, ही तर या मूकपटांची रीतच. आता ती मोलकरीण आपलं तान्हं बाळ अनाथाश्रमाच्या पायरीवर ठेवणार होती.

"चला, उठू या," ती कुजबुजली.

"गप बस गं! आत्ता कुठं रंगतंय," क्राउसबाईंनी तिला दंडाला धरून खाली बसवलं.

पडद्यावरची आई पायरीशी वाकली. तिचे ओठ हलले. टेसी पुढे सरकून बघू लागली. हे चित्र घेताना दिग्दर्शक कर्ण्यातून ओरडत होते, "तोंड हलव, तोंड! काहीही बोल, कोबीचा भाव सांग! ऐकणार आहे कोण?" आपण तेव्हा काय बोललो, ते विनिफ्रेडला काही केल्या आठवेना. शाळेत जागा मिळाल्याचं त्याच सकाळी कळलं होतं. हातात बाळ म्हणून चिंध्यांचं गाठोडं होतं आणि डोळ्यांपुढे टेसी, एवढंच आठवत होतं.

पडद्यावर अक्षरं आली. "'बाळा, हा अखेरचा निरोप!'" क्राउसबाईंनी मोठ्यानं वाचलं आणि पदरचे दोन हुंदकेही दिले. पियानो रडू लागला. सारं थिएटर नाकं पुसू लागलं. विनिफ्रेडनं घाईघाईनं टेसीच्या डोळ्यांवर हात धरला.

टेसीनं तो हात बाजूला सारला. वळून आईच्या तोंडाकडे टक लावून पाहिलं. आपला आवाज किती मोठा निघतो, हे तिला कधीच कळत नसे.

"दर शनिवारी येशील? नक्की?"