उचलून बघ

"वैनी, गणपतीचो पाट दी. ह्या वर्सा गणपती फोंड्याक माझ्या घरात," धाकटा दीर कृष्णनाथ दारातूनच म्हणाला आणि चपला घालूनच आत आला. अंगणात त्याचा पिकअप सुरूच होता.

शेवंती जमिनीवर बसून माटोळीच्या चौकटीला नारळ बांधत होती. ही फळाफुलांची चौकट चवथीला गणपतीच्या डोक्यावर टांगायची. तिने गाठ पक्की केली.

"गणपती आमच्या चोपडे गावचो. घर उभां असताना तो फोंड्याक कित्याक?"

"घर त्या वादळात पण उभां होतां. छप्पर खंय गेलां?"

"न्हयच्या पाण्यात. म्हणान तर ह्या नवीन घातलां."

ओट्यावर बसलेला तिचा नवरा गोकुळदास खाकरला. "न्हेव दी गो त्याका. देवाच्या डोक्यार कायतरी पडला तर?"

शेवंतीने पुढचा नारळ बांधायला घेतला.

कृष्णनाथ उडी मारून तुळईला लोंबकळला. "बघ, घट्ट आसा. पयली पण अशीच घट्ट होती."

"लोंबकळून काय कळतला? वारो खाली ओढणा नाय. पडवीतून भितर शिरता आणि छप्पर वर उचलता. तुझ्या गाडयेचो जॅक आण. उचलून बघ."

"आणि उचलला तर?"

"तर पाट तुझो."

जॅक आला. फरशीवर जॅक, जॅकवर उभा वासा, वाशाचं टोक तुळईला. तुळईवरून लोखंडी पट्ट्या भिंतीत उतरून पायातल्या काँक्रीटमध्ये रुतल्या होत्या. म्हशीला दावं लावतात तसं हिने घराला लावलंय, म्हणून वाड्यावरचे शेजारी हसले होते.

कृष्णनाथ दांडा मारू लागला. कौलं किणकिणली. पट्ट्या ताणल्या. गोकुळदास उठून अंगणात जाऊन उभा राहिला.

"थांबू?" कृष्णनाथने विचारलं.

"मी थांब म्हटलंय काय?" शेवंती तुळईच्या बरोबर खाली उभी होती.

त्याने सगळं अंग दांड्यावर टाकलं. काडकन आवाज झाला. तिघांनीही वर पाहिलं. छप्पर जागच्या जागी होतं. जॅकखालची नवी फरशी मात्र फुटली होती, भेग पार भिंतीपर्यंत गेलेली.

कृष्णनाथने कपाळ पुसलं. "फरशी मी बदलून देतंय."

"काय नको."

शेवंतीने कोनाड्यातला पाट काढला, पदराने पुसला आणि नेमका भेगेवर मांडला.

"आता चपला काढून ये," ती म्हणाली. "माटोळी वर चढवूक दोन माणसां लागतत."