पाचव्या घरचे पीठ

मुलांनो, जरा डोळे मिटा आणि मी सांगतो ती गल्ली बघा. देवास गाव, मंगळवारची सकाळ. बोलपट अजून यायचे आहेत. ऊन नुकतेच कौलांवरून खाली उतरले आहे. तुमच्याएवढी एक मुलगी हातात वेताची परडी धरून चालली आहे, पाय अनवाणी, कपाळभर हळद. ही सुभद्रा. तिच्यामागे दोन माणसे तिपाईवरची एक लाकडी पेटी उचलून आणताहेत. या पेटीतून हलती चित्रे निघतात असे ऐकलेले निम्मे गाव त्यांच्यामागे आहे.

सुभद्रा जोगवा मागायला निघाली होती. तिचा धाकटा भाऊ यशवंता तापाने फणफणला होता. आई टेकडीवरच्या देवीला नवस बोलली होती, पाच घरचे पीठ मागून आणीन, त्याची भाकरी तुला दाखवीन, माझे पोर उठव. आईला यशवंताच्या उशाशी बसणे भाग होते, म्हणून मागायला सुभद्रा निघाली. जोगवा म्हणजे भीक नव्हे. परडी दाराशी आली की घरची बाई आधी तिच्या पाया पडते आणि मग पीठ वाढते.

मुंबईच्या बायस्कोप कंपनीचे मोरोपंत आदल्या दिवशी त्यांच्या घरी येऊन गेले होते. रस्त्यावरच्या गरीब पोरीची गोष्ट करतोय, त्यात नटी नको, खरी पोर हवी, असे म्हणाले. आईने एवढेच विचारले की, पोरीला भिकारीण तर नाही ना करणार? मोरोपंत हसले. ती मागते तशीच मागेल, आम्ही नुसते बघू, असे त्यांनी देवीची शपथ घेऊन सांगितले.

चार घरे छान झाली. बायका नटूनथटून दारात आल्या, वाकल्या, ओंजळीने पीठ वाढले. कोपऱ्यावरचा हलवाई पेटीवाल्याला म्हणाला, "भिया, अपना भी एक खेंच लो, जलेबी तलते हुए." सगळे हसले. सुभद्राही हसली.

पाचवे घर इंदिराबाईंचे. त्यांचे यजमान बळवंतराव थोरल्या महाराजांच्या दरबारात कामदार, म्हणजे मोठे अधिकारी होते. सुभद्राने हे घर मुद्दाम शेवटी ठेवले होते. ती रांगत होती तेव्हापासून इंदिराबाई तिला 'माझी अंबाबाई' म्हणत.

"जोगवा वाढा, मावशी."

दार उघडले. इंदिराबाईंच्या हातात सूप नव्हते.

"चालती हो," त्या म्हणाल्या. "रोज उठून दारात उभी, मेली." आणि त्यांनी परडीला हाताचा फटका मारला.

पीठ पायऱ्यांवर सांडले, थोडे गटारात गेले. सुभद्राला काही कळेना. ती मटकन खाली बसली आणि दोन्ही हातांनी पीठ गोळा करू लागली. त्यातली माती फुंकता फुंकता रडू लागली.

"मावशी, यशवंता मरेल ना."

पेटीचे हँडल फिरत होते. ते थांबले तसे दाराच्या फळीमागून मोरोपंत बाहेर आले. भलतेच खूश होते. लाख रुपये देऊनही नटीच्या तोंडावर हे आले नसते, असे ते मागोमाग बाहेर आलेल्या बळवंतरावांना सांगू लागले. त्यांनी सुभद्रापुढे पेढ्यांचा पुडा धरला.

इंदिराबाई घाईघाईने आतून पिठाने भरलेले सूप घेऊन आल्या. त्यांचे डोळे ओले होते. "अगं वेडे, लटकंच होतं ते. तुला आधी सांगितलं तर तोंड असं होणार नाही, म्हणाले. यांनीही भरीला घातलं. घे, हे सगळं घे." आणि त्या परडीच्या पाया पडायला वाकल्या.

सुभद्राने परडी मागे ओढली. तिने मोरोपंतांकडे पाहिले, फळीकडे पाहिले, मग मावशींकडे. पेढे घेतले नाहीत, सुपातले पीठही नाही. मातीत कालवलेले सगळे पीठ तिने दारातल्या तुळशीच्या बुडाशी ठेवले, परडी परकराने पुसली आणि ती रस्ता ओलांडून गेली.

मोरोपंतांनी पेटीवाल्याला खूण केली. पोर आपणहून दुसऱ्या दारी चालली होती, हेही चित्र हवे होते. पण बळवंतरावांनी तिपाईवर हात ठेवला. देवासात तेव्हा दोन राज्ये होती, थोरली पाती आणि धाकटी पाती, आणि याच रस्त्यावर एका बाजूला एक, दुसऱ्या बाजूला दुसरे.

"तिकडे नाही, मोरोपंत," ते म्हणाले. "आमचा हुकूम या गटारापर्यंतच."

पलीकडच्या पहिल्याच दारात एक अनोळखी बाई आली. "कोणाची गं तू? एवढी का रडलीस? थांब, वाढते." ती आत जाऊन सूप घेऊन आली आणि नमस्काराला वाकली.

सुभद्राने परडी पुढे केली नाही. ती उंबऱ्यावरून आत वाकली आणि तिने आधी दाराच्या दोन्ही फळ्यांमागे बघून घेतले.