खर्ज

मुलीने हेडफोन वडिलांच्या कानांवर बसवला आणि खोलीचं दार लोटून घेतलं.

"हे लॉसलेस आहे, बाबा. यात काहीच गाळलेलं नाही. मूळ टेपवर होतं ते सगळं. आता डोळे मिटा आणि गप बसा."

बाबांनी तोंड वाकडं केलं. तरुणपणी त्यांनी आणि त्यांच्या मित्राने, लांब्याने, मिळून हा अल्बम केला होता, लांब्याच्या गच्चीवरच्या खोलीत, दोन सिंथेसायझर आणि एका ड्रम मशीनवर. पुढे तो असा गाजला, की अजून पोरं त्यावर नाचतात. बाबांनी मात्र तो एकदाच ऐकला होता. कॅसेट हातात आली त्या दिवशी, स्वयंपाकघरातल्या टीचभर टेपरेकॉर्डरवर. लांब्याने वाजवलेली वरची धून खणखणीत होती. तिच्याखाली बाबांनी वाजवलेला खर्ज कुठेच नव्हता.

"मला पुसून टाकलंस," लांब्याच्या दारात जाऊन ते एवढंच बोलले आणि त्याने तोंड उघडायच्या आत जिना उतरले. सिंथेसायझर विकला, रेडिओ दुरुस्तीचं दुकान टाकलं. पुन्हा त्या जिन्याची पायरी चढले नाहीत.

"लावते हं," मुलगी म्हणाली.

आधी ड्रम मशीनची टकटक आली, मग धून. आणि तिच्या खालून, पोटातून यावा तसा, खर्ज चालू लागला. बाबांची बोटं मांडीवर आपसूक हलली. दुसऱ्या गाण्यातही तो होता. तिसऱ्यात तर धून मध्येच थांबली आणि बराच वेळ नुसता खर्जच वाजत राहिला. असं काही दोघांचं ठरलं नव्हतं. लांब्याने ते मागाहून, एकट्याने बसून केलं होतं.

बाबांनी हेडफोन काढला.

"काय झालं? आवाज मोठा झाला का?"

"छोट्या स्पीकरला खर्ज झेपत नाही," बाबा म्हणाले. "येईल त्या गिऱ्हाइकाला हेच सांगत आलो. जन्मभर."

मुलीला काही उमगलं नाही. पण बाबांनी लांब्याचा नंबर मागितला तेव्हा तिने चार ठिकाणी विचारून तो मिळवला आणि फोन लावून दिला.

फोन लांब्याच्या बायकोने उचलला.

"वहिनी, मी ढोल्या बोलतोय."

"भावजी! अहो, होतात कुठे तुम्ही?"

"लांब्याला देता का जरा?"

"त्यांना ऐकू येत नाही हो आता. पार गेलंय. यंत्र लावूनही उपयोग नाही. तुम्ही सांगा, मी पाटीवर लिहून दाखवते."

बाबांनी मनाशी बरंच काही जुळवून ठेवलं होतं. त्यातलं एकही वाक्य पाटीवर लिहिण्यासारखं वाटेना.

"लिहा," ते शेवटी म्हणाले. "ढोल्याला खर्ज ऐकू आला."

खडूचा आवाज आला. थांबला. वहिनींचा श्वास तेवढा ऐकू येत होता.

आणि मग लांब्या बोलला. स्वतःचा आवाज ऐकू न येणारा माणूस बोलतो तसा, अख्ख्या घराला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने.

"आत्ता?"