इंद्रूच्या आजाराचा आकडा

ज्योतीरामनं टाक दौतीत बुडवला आणि विमलनं कार्डावर तळहात ठेवला.

"थांबा. ते लिहू नका."

पिंपरीच्या कारखान्याच्या दवाखान्यात नोंदी ठेवणारा ज्योतीराम नुसता बघत राहिला. आजवर लोकांनी त्याला हात जोडले होते, शिव्याही घातल्या होत्या. पण कार्डावर हात कुणी ठेवला नव्हता. विमल कॉलेजात शिकलेली. टेबलापलीकडून उलटं इंग्रजी तिला वाचता येत होतं. छापील यादीवरून खाली सरकणारं त्याचं बोट कुठं थांबलं, ते तिनं पाहिलं होतं. पोलिओ.

तिच्या मांडीवर सहा वर्षांची इंद्रायणी होती. ताप उतरला होता, गळ्याच्या गाठीही बसत आल्या होत्या. पण परवा सकाळी दूध पिताना ते ओठाच्या डाव्या कोपऱ्यातून गळालं, आणि तेव्हापासून तोंड वाकडं. डावा डोळा मिटत नव्हता. पोर झोपली तरी अर्धी जागी दिसायची, आणि विमल तर पूर्णच जागी.

"वहिनी, वरून हुकूम आहे," ज्योतीराम म्हणाला. "प्रत्येक आजाराला यादीतला आकडा द्यायचा. एका कार्डाला एकच. लहान मूल, तापावर लुळेपणा, म्हणजे पोलिओचा. मी काय मनानं घालतोय?"

"आणि तो आकडा पडला की?"

त्यानं छापील यादी सरळ केली. तिला ठाऊक होतंच. तो आकडा पडला की दुपारच्या आत गाडी दारात. पोर एकटी पुण्याला, साथीच्या इस्पितळात. तिथं आईला फाटकाच्या आत घेत नाहीत.

"डॉक्टरीणबाईंना येऊ द्या. त्या सांगतील ते लिहा, मग मी हात काढते."

ज्योतीरामला शिपाई बोलावता आला असता. त्यानं टाक खाली ठेवला. "बरं, बसा. पण वर नाव लिहिलंय, शाई ओली आहे. हात भरंल तुमचा."

दाराशी बाकावर गोजाबाई गुडघ्याच्या औषधासाठी बसली होती. जुन्या गावातली शेतकरीण. क्वार्टरांना दूध तीच घालायची. मुलगा कारखान्यात लागल्यापासून तिलाही हा दवाखाना मिळाला होता.

"का गं विमल," ती तिथूनच म्हणाली, "नवरा तुझा हितं पेनिसिलीन बनिवतो. साऱ्या मुलखाला सुया, अन् घरच्या लेकीला एक न्हाई?"

"या तापाला ती लागू नाही, गोजाबाई."

हेच डॉक्टरीणबाईंनी तिच्या नवऱ्याला, उद्धवरावांना सांगितलं तेव्हा, दूध वर्ज्य म्हटल्यावर गवळ्याचा व्हावा तसा त्यांचा चेहरा झाला होता.

डॉक्टरीणबाई हात पुसत आल्या. कार्डावरचा तळहात त्यांनी पाहिला, पण विचारलं काहीच नाही. पोरीसमोर उकिडव्या बसल्या.

"कपाळाला आठ्या घाल बघू."

उजवीकडंच आठ्या पडल्या.

"गाल फुगव."

हवा डावीकडून फुस्सकन निघून गेली.

"आता टाचांवर चाल."

इंद्रायणी बाकापर्यंत टाचांवर गेली आणि तशीच परत आली. बाईंनी पोरीच्या गुडघ्यांखाली छोट्या हातोडीनं ठोकून पाहिलं, पोट चाचपलं, मग पुण्याहून आलेला रक्ततपासणीचा कागद पुन्हा वाचला.

"ज्योतीराम, पोलिओ नाही हा. हा गळ्याच्या गाठींचा ताप. रक्तात दिसतोय. त्याच तापानं चेहऱ्याची नस सुजलीय."

"म्हणजे आजार दोन झाले. माझा रकाना एक."

"झाड एकच आहे हो. ताप हे मूळ, तोंड ही त्याची फांदी. मुळाचा आकडा घाला."

"अन् तोंडाचं?"

"खाली शब्दांत लिहा. शब्दांना कुणी गाडी पाठवत नाही."

विमलनं हात उचलला. तळव्यावर इंद्रायणीचं नाव निळं, उलटं उमटलं होतं.

"तोंड सरळ होईल ना?"

बाईंनी हातातल्या कागदाची घडी घातली. "बहुतेक होईल. वेळ लागेल. रात्री डोळ्यावर पट्टी बांधा, तिचं उष्टं कुणाला देऊ नका. आणि न्या घरी."

पुढचं काही विमलला ऐकू आलं नाही. घरी, एवढंच कानात राहिलं.

ज्योतीरामनं आकडा घातला. खाली शब्द लिहिले, टिपकागद दाबला आणि कार्ड तिच्याकडं सुलटं फिरवलं. "वाचून घ्या, वहिनी. मनात काही राहायला नको."

तिनं अक्षर न् अक्षर वाचलं. त्याचे, बाईंचे, साऱ्या जगाचे आभार मानायचे होते.

"अक्षर फार छान आहे तुमचं," ती कशीबशी म्हणाली.

ज्योतीराम उगाच दौतीचं झाकण शोधू लागला.

बाहेर पडताना गोजाबाईनं पदर धरला. "काय निघालं?"

"घरी न्यायला सांगितलंय."

"मग रडतीस कशापायी?" गोजाबाई बाकावर सरकली आणि शेजारची जागा थोपटली. "ये गं इंद्रू, बस हितं. हास बघू."

इंद्रायणीनं मान खाली घातली. गोजाबाईनं तिची हनुवटी वर केली आणि स्वतःच आ वासून हसली. डावीकडं चारदोन दात, उजवीकडं नुसतं मैदान.

"बघ! तुझं हसू उजवीकडं, माझं दात डावीकडं. दोघी मिळून एक धड माणूस हाय की आपुन!"

असेल तेवढ्या तोंडानं इंद्रायणी मोठ्यानं हसली.